भेगेवरचा खुंटा

खोडाळ्याकडे पाऊस वाढला की जव्हारच्या घरात मला एका जागी बसवत नाही. आत्याचा पाडा तिकडे आहे आणि तिचं घर पाड्यात सगळ्यात वर, डोंगराला टेकून. त्या घरामागच्या उतारावर गेल्या पावसाळ्यात भेग पडली. पाहणीला आलेल्या लोकांनी भेगेच्या दोन्ही बाजूंना एकेक खुंटा ठोकून मधे दोरी बांधली. दोरी ताणली किंवा तुटली तर सगळ्यांनी लगेच खालच्या शाळेत जायचं, असं ठरलं. दोरीवर लक्ष ठेवायचं काम आपोआप आत्याकडे आलं.

यंदा भाताची आवणी संपल्यावर मी तिच्याकडे राहायला गेले. काहीतरी निमित्त काढून मी सारखी घरामागे जायचे. शेजारी राहणाऱ्या आत्याच्या दिरांच्या ते लक्षात आलं होतं. काय मॅडम, झाला का डोंगराचा अभ्यास, असं ते ओट्यावरून विचारायचे. मी नुसती हसायचे. इंग्रजी शाळेत शिकलेली म्हणून तिथे माझी ओळख. तोंड उघडलं की माझं बोलणं लोकांना पुस्तकातलं वाटतं, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसायचं. म्हणून कमीच बोलायचे.

एका दुपारी दोरी तुटलेली दिसली. एक टोक चिखलात पडलं होतं आणि खालच्या खुंट्याला आत्याची बकरी बांधलेली होती. खुंटा मजबूत, शिवाय तिथे कोणी जनावरं नेत नसल्याने गवत गुडघाभर वाढलेलं. एवढं गवत फुकट घालवणं आत्याला जमलं नसणार. बकरी निवांत चरत होती. खुंटा जरा कलला होता. भेग गवताखाली झाकलेली. ती रुंदावली की नाही, मला काही कळेना.

मी आत्याला बोलावलं. बकरीनेच ओढली असणार, असं म्हणत ती गाठ मारायला वाकली. तिची अडचण मला माहीत होती. पावसाच्या सुरुवातीला दोरी ताणल्यासारखी वाटली म्हणून तिने सगळा पाडा खाली नेला होता. अंथरुणाला खिळलेल्या सासूलाही झोळीतून नेलं. झालं काहीच नाही. घरी परतलेल्या बायकांनी तिला भरपूर ऐकवलं. आता पुन्हा उगाच उठवलं तर खऱ्या वेळी कोणी हलायचं नाही, ही तिची भीती होती.

एव्हाना तिचे दीर आले होते, त्यांच्या मागे दोघी शेजारणी.

“बकरीच्या सांगण्यावरून पाडा हलवायचा काय आता?” ते म्हणाले.

शेजारणी हसल्या. आत्याच्या हातात दोरीचं टोक तसंच होतं. माझे कान गरम झाले.

“बकरीने तोडली की डोंगराने, ते मला नाही सांगता येत,” मी म्हणाले. “तुम्हाला येतं का, काका?”

त्यांनी उताराकडे पाहिलं. पाहतच राहिले.

“मग जाऊ या खाली. आजींना आधी न्या.”

आत्याने दोरी सोडून दिली. काका पुटपुटत घरात गेले आणि बांबू आणि घोंगडी घेऊन आले. झोळीत घालताना आजी म्हणाल्या, “या वयात परत शाळंत घालता का मला?”

शाळेच्या पत्र्यावर पाऊस वाजत होता. सगळे दाराशी उभे राहून डोंगराकडे बघत होते. तो पडावा असं कोणालाच वाटत नव्हतं, आणि नाही पडला तर काय ऐकावं लागेल हेही मी मनात मोजत होते. बकरी व्हरांड्याच्या खांबाला बांधली होती. येणारा-जाणारा तिला टोमणे मारत होता, ते मला ऐकू येईल एवढ्या आवाजात.

सकाळी पाऊस ओसरला. डोंगर जागच्या जागी. वर जाताना काका बकरीला विचारत होते, काय बाई, आज कुठे जायचा हुकूम? चूल पेटवायच्या आधी आत्याने दाराशी बकरीसाठी वेगळा खुंटा ठोकला. मग मागे जाऊन नवी दोरी बांधली आणि हाताने दोनदा ओढून पाहिली.

त्या दिवशी दोरी कोणी तोडली, मला अजून माहीत नाही. पाऊस लागला की मी फोन करते आणि आधी बकरी कुठे बांधली ते विचारते.

“दारात हाय बाय,” आत्या म्हणते.

मग मी दोरीचं विचारते. ती फोन हातात धरूनच मागे जाते. ती बोलेपर्यंत मला फक्त पाऊस आणि तिचा श्वास ऐकू येतो.