शेंडीची गाठ

माझी भाची स्वरदा काय करते, हे मला पंचवटीत रोज कुणीतरी विचारतं आणि रोज मी काहीतरी वेगळंच सांगते. ‘परफॉर्मन्स आणि व्हिडिओ आर्टिस्ट’ असं तिचं म्हणणं. म्हणजे स्वतःच्या शरीराचं काहीतरी करायचं आणि त्याचा व्हिडिओ काढायचा. एकदा अंगभर ओली हळद फासून ती वाळून तडकेपर्यंत चार तास बसली. एकदा वडिलांचं सोवळं नेसून भाजीबाजारात कोथिंबीर निवडत उभी राहिली. शिकली बडोद्याला, व्हिडिओ दाखवतात जर्मनीत. मी एकतीस वर्षं पोस्टात काढली, अर्धवट पत्त्यांची पाकिटंही मार्गी लावली, पण या पोरीचा पत्ता मला लागला नाही.

तिचे वडील म्हणजे माझा थोरला भाऊ, ढुंढिराजगुरुजी. रामकुंडावर लोकांची दशक्रिया करण्यात दादाचा जन्म गेला. त्याने तिचा एकही व्हिडिओ पाहिलेला नाही. “शरीर काय दाखवायची वस्तू आहे?” एवढं बोलून तो संध्येला बसतो.

मध्यंतरी दादाच्या हृदयाचं ऑपरेशन झालं. आत नेताना तो मला म्हणाला, “सुधे, काही बरंवाईट झालं तर धवलला बोलाव. अग्नी तोच देईल.”

धवल माझा मुलगा, बंगळूरला असतो. मामासाठी त्याने तेव्हापासून पंधरा दिवसांची रजा राखून ठेवली. स्वरदा दादाची एकुलती एक. ती तिथेच उभी होती, त्याच्या चपला हातात धरून. तिने ऐकलं. मला मात्र, खोटं कशाला सांगू, क्षणभर बरं वाटलं. मग स्वतःचीच लाज वाटली.

दादा वाचला. एका दुपारी रिक्षातून गुपचूप घरी आला. भर उन्हात आळीत कुणी बघायलाही नव्हतं.

त्याच संध्याकाळी स्वरदा म्हणाली, “आत्या, उद्या रामकुंडावर माझं काम आहे. कॅमेरा तू धर. उजाडल्यापासून सूर्य मावळेपर्यंत मी बोलणार नाही. काही झालं तरी.”

सकाळी ती गोटीराम न्हाव्यासमोर जाऊन बसली. कमरेएवढे केस सोडले आणि डोक्याकडे बोट केलं. गोटीराम दचकला. “ताई, कोण गेलं?”

ती पाण्याकडे बघत राहिली. त्याने माझ्याकडे पाहिलं. माझ्या डोळ्यांना धार लागली होती, कारण त्या केसांना लहानपणापासून तेल मी लावलं होतं. त्याला वाटलं, गुरुजी गेले. त्याने हात जोडले आणि मुकाट वस्तरा उचलला.

आता हाताचं वळण कुठे जातं? कर्त्या मुलाचं करतात तसं त्याने तिचं डोकं केलं आणि मागे शेंडी ठेवली. कमरेएवढी लांब! स्वरदाने हात मागे नेला, शेंडी चाचपली आणि गोंधळून माझ्याकडे पाहिलं. हे ठरलेलं नव्हतं. तिला सगळं डोकं साफ हवं होतं. पण ती खूण करायच्या आत गोटीरामने पेटी बंद करून तिला नमस्कार केला होता.

आम्ही घरी पोचायच्या आधी बातमी पोचली. सुतकाच्या घरात चूल पेटत नाही, म्हणून भाजीवाली शकुबाई पिठलं-भात घेऊन रडत दारात आली. दार उघडलं दादाने.

“अगं बाय! गुरुजी, तुमी तर हाय की! मंग पोरीनं डोकं कुणाचं केलं?”

आम्ही पोचलो तोवर आळी जमली होती. कुणी म्हणालं, मेल्याची खोटी बातमी उठली की आयुष्य वाढतं. कुणी स्वरदाकडे बघून कपाळाला हात लावला. माझा संताप संताप झाला. “अगं, तोंड उघड की!” मी ओरडले. ती गप्पच. हे तिचं काम चाललंय की सुतक, मला कळेना. तिलाही कळत नसावं.

दादाने सगळ्यांना वाटेला लावलं. मग म्हणाला, “सुधे, पान वाढ.” स्वतःच्या सुतकाचं पिठलं तो चवीने जेवला. मी बघत राहिले. हात धुऊन त्याने स्वरदाला समोर पाठमोरं बसवलं.

“शेंडी मोकळी ठेवून घरात फिरू नये,” तो म्हणाला. त्याने गाठ मारली. सुटली. पुन्हा मारली. मग माझ्याकडे हात केला. “तो कॅमेरा आण. काय केलंत ते बघू दे.”

आयुष्यात पहिल्यांदा त्याने तिचा व्हिडिओ पाहिला. गोटीरामने ‘कोण गेलं’ विचारलं तिथे थांबवला. मागे नेऊन पुन्हा पाहिला. बराच वेळ तो तिच्या गप्प चेहऱ्याकडे बघत होता.

“सुधे,” शेवटी तो म्हणाला, “धवलला कळव. माझ्यासाठी रजा राखून ठेवायची गरज नाही.”

माझा मुलगा बाजूला झाला होता आणि मला रडू आनंदाने येत होतं की कशाने, देव जाणे. सूर्य अजून डोक्यावरही आला नव्हता.

“बाबा,” स्वरदा म्हणाली.