आश्रुबाचा नवस आणि हेलसिंकीचे दहा गोल

आश्रुबा आमच्या गँगमधला सगळ्यात अबोल माणूस. चुडावा स्टेशनच्या दोन्ही अंगांचे रूळ आमच्याकडं होते. खडी सारायची, खिळे ठोकायचे, पावसाळ्यात भराव बघायचा. घरी त्याची तीसेक मेंढरं होती, ती त्याची बायको कासाबाई राखायची. पण फुटबॉलचा विषय निघाला की हाच माणूस थांबता थांबत नसे.

तरुणपणी तो पाच वर्षं सिकंदराबादला रेल्वेत हमाल होता. तिथं मैदानाच्या कडेला उभं राहता राहता खेळायलाही लागला, अनवाणीच. गावी परतला तो उजव्या पायाचा अंगठा वाकडा घेऊन. हा अंगठा तो लोकांना मेडल दाखवावं तसा दाखवायचा. पुढं दर रविवारी पूर्णा जंक्शनला इंजिनं दुरुस्त करणाऱ्या लोकोशेडवाल्यांत जाऊन खेळायचा. एक्कावन्न साली दिल्लीत हिंदुस्थाननं इराणला हरवून आशियाचं सोनं जिंकलं, तेव्हा आठ दिवस त्याचे पाय जमिनीवर नव्हते. त्या संघातल्या काही हैदराबादी गड्यांना त्यानं स्वतः खेळताना पाहिलं होतं.

बावन्न साली संघ ऑलिंपिकला हेलसिंकीला निघाला आणि आश्रुबा म्हसोबाला नवस बोलला, "पयली म्याच जिंकली तर एडका देतो."

आषाढातली गोष्ट. आम्ही फलाटाच्या टोकाला भाकरी खात होतो. गाडीच्या गार्डानं स्टेशनमास्तर दिनकररावांना पेपर दिला. त्यांनी तो उघडला आणि मोठ्यानं म्हणाले, "अरे देवा! दहा-एक!"

आश्रुबा घास टाकून उठला. "कुणाची म्याच, सायेब?"

"हिंदुस्थान आणि युगोस्लाव्हिया," एवढं बोलून ते हिरवी झेंडी घेऊन गाडीकडं पळाले.

आश्रुबानं पुढचं विचारलंच नाही. दहा आपले, एक त्यांचा. सोनं जिंकलेल्या संघाबद्दल दुसरं काही त्याच्या मनातसुद्धा येणं शक्य नव्हतं. खरं सांगतो, माझ्याही आलं नाही.

कासाबाई आडवी आली. "येडे झालाव का? पैदाशीचा एडका हाय त्यो!"

"नवस हाय, कासा. धा गोल केलेत आपल्या पोरांनी!"

दुसऱ्या दिवशी एडका कापला. सगळी गँग जेवायला बसली. कासाबाई डोळे पुसत वाढत होती. तेवढ्यात दिनकरराव, भरावाला भेग पडलीय म्हणून आम्हाला बोलवायला आले. पंगत बघून म्हणाले, "कसलं जेवण रे?"

मीच सांगितलं, "हिंदुस्थान जिंकला न्हवं, सायेब. धा-एक."

दिनकररावांचा चेहरा पांढरा पडला. "भुजंग, आपण हरलो. दहा त्यांचे."

माझा हात ताटातच राहिला. आश्रुबा उठला, दिनकररावांच्या मागोमाग स्टेशनात गेला आणि पेपर मागून घेतला. त्याला अक्षर येत नव्हतं, पण मैलाच्या दगडांवरचे इंग्रजी आकडे येत होते. दहावर बोट ठेवून म्हणाला, "ह्यो कंचा मुलुख?" दिनकररावांनी सांगितलं. मग एकावर बोट ठेवलं. ते काही केल्या त्याला उचलवेना.

घरी कासाबाई रिकाम्या दावणीजवळ बसली होती. तिला एवढंच कळत होतं, की एडका गेला आणि जिंकलं कुणीच नाही.

पुढचे पंधरा दिवस आश्रुबा हातोडा असा मारायचा, की आम्ही लांब सरकून उभे राहायचो. शेवटी दिनकररावांनी समजावलं, "तिकडं थंडी, पाऊस. ओलं गवत. आपले बहुतेक अनवाणी होते."

"अनवाणी पायच खरा," आश्रुबा म्हणाला.

श्रावणात पूर्णेच्या मैदानातल्या चिखलात तो बूटवाल्यांच्या विरुद्ध उतरला. मी बघत होतो. अर्ध्या तासात सात वेळा पडला. शेवटच्या वेळी उठलाच नाही. चिखलात बसून स्वतःच्या पायांकडं असा बघत होता, जणू ते दुसऱ्याचेच आहेत.

इंजिनात कोळसा टाकणाऱ्या एका फायरमननं त्याला जुने बूट दिले. पंजाशी लोकर कोंबून तो ते घालू लागला. फोड आले, नख गेलं. लोक हसले. वर्षभरानं तो बुटात पळू लागला, पहिल्यासारखा मात्र कधीच नाही.

छप्पन्न सालचा डिसेंबर. आमचा जिल्हा नुकताच मुंबई राज्यात गेला होता. दिनकरराव रुळावरून चालत आमच्याकडं आले, हातात पेपर. आश्रुबानं हात वर केला. "आदी कोण जिंकलं ते सांगा. मंग आकडा."

"ऑस्ट्रेलियाला हरवलं. चार-दोन. मेलबर्नच्या ऑलिंपिकात, त्यांच्याच घरात."

आश्रुबा हातोडा ठेवून रुळावर बसला.

"पुढं युगोस्लाव्हियानं चार-एकनं हरवलं, बल्गेरियानं तीन-शून्य. पण चौथे आलो."

"चारच?" आश्रुबा म्हणाला. "युगोस्लाव्हियाचे चारच?" आणि बोटांवर चार मोजत तो तसाच बसून राहिला. गाडीची वेळ झाली तेव्हा आम्ही त्याला धरून बाजूला घेतलं.

संध्याकाळी मी त्याच्या घरी होतो. बातमी ऐकत कासाबाई मेंढीचं दूध काढत होती. "चवथा नंबर म्हंजी हरलंच की. कितीजणात?"

"साऱ्या दुनियेत," मी म्हणालो.

तिचा हात थांबला. तिनं आश्रुबाकडं बघितलं, मग माझ्याकडं. "साऱ्या?" तिनं विचारलं. मी मान डोलावली, तरी तिनं पुन्हा विचारलं.