एरीकाकूंचं गाव

एरीकाकूंनी अमेरिका कधी पाहिली नव्हती, पण अमेरिकेतल्या एका लहानशा गावातल्या कालव्याला आज पाणी किती आहे, हे त्यांना रोज माहीत असे. कुवेतमधल्या जाब्रिया भागातल्या इस्पितळाच्या लॅबमधून दुपारी घरी आल्या की चहा उकळेपर्यंत त्या फोन उघडून बसत. त्या कालव्यावर एक पूल आहे, बोट आली की तो अख्खा वर उचलला जातो. कुणीतरी तिथे कॅमेरा लावून ठेवलाय. आमच्याकडे बाहेर ऊन जाळत असायचं आणि काकू हातात गाळणं धरून म्हणायच्या, "बघ गं वृंदा, पूल उठला. तिकडे सकाळ झाली."

मी त्यांच्या खालच्या मजल्यावर राहायचे. त्यांचं नाव सुमती, पण इथल्या मराठी मंडळातल्या कुणीतरी थट्टेनं एरीकाकू म्हटलं आणि तेच चिकटलं. एरी हे त्या कालव्याचं नाव. हडसन नदीपासून एरी सरोवरापर्यंत, दोनशे वर्षांपूर्वी माणसांनी कुदळी-फावड्यांनी खणलेला. त्याच्या काठाकाठानं गावं वसली, गोदामं उभी राहिली, पैसा आला. मग रेल्वे आली, माल गाडीनं जाऊ लागला आणि गावं जिथल्या तिथे राहिली. काकूंचे वडील निफाडकडे कालव्यावर पाटकरी होते, शेतांना पाळीनं पाणी सोडायचं काम करायचे. त्यामुळे कालवा म्हटलं की काकू सरसावून बसत.

हे वेड लागलं ते मुलामुळे. निनाद अकरा वर्षांचा असताना त्याचे वडील कुवेतमध्येच हृदयविकारानं गेले. काकू परत गेल्या नाहीत. त्याचं शिक्षण, मग अमेरिकेतलं कॉलेज, सगळं त्यांनी रक्ताचे नमुने तपासत पार पाडलं. नोकरी लागल्यावर त्यानं त्या गावात एक जुनं, तांबड्या दगडाचं घर घेतलं. घर दाखवताना फोन फिरवत तो म्हणाला होता, "आई, वरची कालव्याकडची खोली तुझी. रिटायर झालीस की इकडेच." नोकरी संपली की इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, संपतो आणि कुवेत सोडावं लागतं, हे इथल्या प्रत्येकाला ठाऊक असतं. काकूंची मात्र पुढची सोय झाली होती. त्यांनी माहेरच्या घरातली आपली खोली भाच्याच्या नावावर करून टाकली. "मला काय करायचीय?" म्हणाल्या.

त्या गावातली मार्था नावाची एक निवृत्त शिक्षिका दर शनिवारी गावाच्या इतिहासावर ऑनलाइन गप्पांचा कार्यक्रम करायची. काकू तिच्या वर्गातल्या पहिल्या बाकावरच्या विद्यार्थिनी झाल्या. कुणी कालव्यात पाणी अडवणाऱ्या दारांबद्दल बोलो, कुणी बोटी ओढणाऱ्या खेचरांबद्दल, काकूंचा प्रश्न ठरलेला: "स्वयंपाक कोण करत होतं?" सुरुवातीला मंडळी हसायची. मग मार्थानंच शोधाशोध केली आणि त्यातून बोटींवरच्या बायकांची एक दुनिया बाहेर आली. कुटुंबंच्या कुटुंबं बोटीवर राहायची. हिवाळ्यात कालवा रिकामा केला की बोट ज्या गावी असेल तिथेच मुक्काम, आणि मुलांची शाळाही तेवढे दिवसच.

दिवाळीच्या फराळाला आमच्याकडे आल्या तेव्हा त्यांनी मुलांना सांगितलं, की तान्ह्या पोरांच्या कमरेला दोरी बांधून ती बोटीच्या टपावर ठेवत, पाण्यात पडू नयेत म्हणून. माझी मुलगी इंग्रजीतच म्हणाली, "लाइक अ लीश?"

"हो, कुत्र्याला बांधतात तशीच," काकू म्हणाल्या. "बोट हलते बाळा, आणि आईचे दोन्ही हात कणकेत."

मंडळानं एकदा त्यांना दहा मिनिटं बोलायला दिली. त्या अर्धा तास बोलल्या. समोर तेल कंपन्यांतले इंजिनीअर होते, आणि मागे खैतानच्या वस्तीत एका खोलीत सहा-सहा जण राहणारे कोकणातले वेल्डर, सुतार. "कालवा खणणारे बरेचसे परदेशातून आलेले," काकू म्हणाल्या. "काम संपल्यावर त्यांना कुणी थांबा म्हणालं नाही. ज्यांना थांबायचं होतं ते आपणच थांबले."

इतकं सगळं असून त्या गावी जाणं होत नव्हतं. व्हिसा झाला होता. पण दर वर्षी निनाद म्हणे, घराचं काम चाललंय, धूळ आहे, पुढच्या वर्षी ये. काकूंना त्यात वावगं वाटलं नाही. कामाला वेळ लागतोच, जुन्या दगडाचं घर आहे, असं त्याच मला समजावायच्या.

त्या निवृत्त झाल्या त्याच आठवड्यातला शनिवार. मी त्यांच्या घरी भांडी कागदात गुंडाळत होते आणि टेबलावर लॅपटॉपवर मार्था बोलत होती. बोलता बोलता ती काकूंना म्हणाली, "तुमच्या मुलाच्या घरात आलेली नवी मंडळी फार चांगली आहेत. त्यांनी मागचं अंगण सुंदर केलंय."

काकूंनी विचारलं, "नवी मंडळी?"

"हो, गेल्या वसंतात घर घेतलं ना त्यांनी." मार्था गोंधळली. "तुम्हाला माहीत असेलच."

"हो, हो," काकू म्हणाल्या. "माहीत आहे. नावं विसरले होते."

कार्यक्रम संपेपर्यंत त्या बसून राहिल्या. सगळ्यांचा निरोप घेतला, लॅपटॉप मिटला आणि मला म्हणाल्या, "चहा टाकतेस? मला उठवत नाहीये."

मग त्यांनी फोन लावला. स्पीकर सुरू होता, मी उठू लागले तर हातानं बसवलं.

"घर विकलंस?"

निनाद म्हणाला, "आई, मी सांगणारच होतो."

"कधी?"

"तू रिटायर झाल्यावर."

"झाले रे."

त्याला टेक्सासमध्ये चांगली नोकरी मिळाली होती. तिथे दोन खोल्यांचा फ्लॅट होता. तुला ते गाव इतकं आवडलं की सांगायचं धाडसच होईना, असं तो म्हणत होता. आवाज रडवेला होता, खोटा वाटत नव्हता. "सहा महिने ये ना माझ्याकडे," म्हणाला. काकूंनी "बघू" म्हणून फोन ठेवला.

मग त्या मला म्हणाल्या, "घर त्याचं होतं. विकलं, ठीक. पण मी त्याला दर वेळी सांगायचे, आज पाणी सोडलं, आज पहिली बोट आली. आणि तो म्हणायचा, हो आई, खिडकीतून दिसतंय." चहा तसाच होता. "कुठली गं खिडकी?"

त्या रडल्या नाहीत. त्यांनी नाशिकला भाड्याची खोली ठरवली, सामान पाठवून दिलं, आणि स्वतः मात्र त्या गावाचं तिकीट काढलं. मार्थानं आपल्याकडे उतरा म्हणून आग्रह केला होता. विमानतळावर मी विचारलं, "निनादला कळवलंत?" म्हणाल्या, "मार्था कळवेल. तिला वाटतं, माणसं समोरासमोर आली की सगळं जुळतं."

पंधरा दिवसांनी त्यांचा नाशिकहून फोन आला. गाव कसं आहे विचारलं तर म्हणाल्या, "छान आहे. माणसं कमी आहेत." मार्थानं त्यांचं भाषण ठेवलं होतं, गावातल्या सभागृहात, बोटीवरच्या बायकांवर. साठ-सत्तर माणसं आली. निनाद टेक्सासहून विमानानं आला आणि शेवटच्या रांगेत बसला.

"भाषण झाल्यावर एका आजोबांनी विचारलं," काकू सांगत होत्या, "बाई, तुम्ही इतक्या लांबून आलात, इथे तुमचं कुणी आहे का?"

"मग?"

"मी म्हटलं, होतं."

"तो उठून गेला?"

"नाही. शेवटपर्यंत थांबला. लोक गेल्यावर एकट्यानं सगळ्या खुर्च्या उचलून भिंतीशी लावल्या त्यानं. लहानपणी मंडळाच्या कार्यक्रमानंतर लावायचा तशा." मग म्हणाल्या, "मी मदतीला गेले असते गं. पण मार्थानं गाडी सुरू केली होती, आणि मी जाऊन बसले."