छावणीतली हडळ

दुष्काळात सहकारी साखर कारखान्याने गेवराईच्या वाटेवर जनावरांची छावणी उघडली होती. तिथे आमच्या शेजारी एक बाई गाय घेऊन राहायची. सीडीवरच्या भुताच्या सिनेमांत ती हडळ व्हायची. त्यातल्या गाण्यांना चालीही तीच लावायची. टँकर आला की बायका आपली पोरं तिच्यापासून लांब ओढायच्या. ती सगळ्यांच्या शेवटी हंडा लावायची.

एका सकाळी चेअरमनच्या प्रचाराची जीप तिचंच गाणं वाजवत आली. शब्द तेवढे बदलले होते. त्याच बायका माना डोलवू लागल्या. ती गायीच्या पाठीवर बोटांनी ठेका धरून ऐकत राहिली.

मी म्हणालो, “बाई, तुमची चाल चोरली की यांनी.”

“वाजू द्या,” ती म्हणाली. “हडळ माणसं खायला निघती, तवाची चाल हाय ती. लई बरोबर जागी गेली.”