सड्यावरची चित्रं आणि नाट्यातली खूण

राजापूरला जायचं ठरलं ते एका शब्दामुळे आणि आईमुळे.

शब्द होता ‘चित्रलिपी’. शाळेतल्या मुलांसाठी एक छोटा शब्दकोश तयार होतो आहे. त्यातल्या काही अक्षरांचं काम माझ्याकडे आहे. ‘चिंच’, ‘चिखल’, ‘चिठ्ठी’ भराभर झाले आणि इथे येऊन गाडं अडलं. ‘चित्रांनी लिहिण्याची पद्धत’ एवढं लिहून मोकळं होता आलं असतं. पण चित्र काढणं आणि चित्राने लिहिणं यांत फरक काय, असं एखाद्या सहावीतल्या मुलीने विचारलं, तर मला उत्तर येत नव्हतं. मग लोक हा शब्द कुठे कुठे वापरतात ते ऐकत राहिले. इजिप्तच्या भिंतींसाठी वापरतात, डॉक्टरांच्या अक्षराची थट्टा करायला वापरतात. माझी भाची मैत्रिणींना नुसते हसरे-रडके चेहरे पाठवत असते, त्यालाही तिचे बाबा चित्रलिपीच म्हणतात. आणि कोकणातल्या कातळशिल्पांबद्दल लिहिणाऱ्यांच्या लेखणीतून तर तो हटकून उतरतो. म्हटलं, ती एकदा डोळ्यांनी बघून यावीत.

आईचं कारण वेगळं. दीड वर्षापूर्वी तिला पक्षाघाताचा झटका आला. हातपाय बरेचसे सावरले, पण अक्षरं गेली. दुपारी पेपर शेवटच्या पानापर्यंत वाचल्याशिवाय न उठणारी बाई आता मथळ्यांवरून नुसता हात फिरवते. बोलणंही ‘हे’, ‘असं’, ‘गो’ एवढ्यावर आलं आहे. ‘हो’ आणि ‘नको’ आहेत, पण त्यांची अदलाबदल होते. चहा हवा असताना ‘नको’ म्हणते आणि कप उचलून नेला की तिचे डोळे भरून येतात. मी रोज सकाळी अक्षरांची रंगीत कार्डं घेऊन तिच्यासमोर बसते. ती खिडकीबाहेर बघते.

तिचं माहेर नाटे, राजापूर तालुक्यातलं किनाऱ्यावरचं गाव. धाकटे मामा अजून होडी चालवतात. आक्काला घेऊन ये, असं त्यांचं प्रत्येक फोनवर चाललेलं असायचं. शेवटी डिसेंबरात निघालो, मी आणि आई, गाडी मीच चालवत.

पुण्याहून जाणार असाल तर कराड, मलकापूर आणि अणुस्कुरा घाट हा रस्ता धरा. घाट अरुंद आहे, वळणं अंगावर येतात, पण गर्दी कमी आणि खालचं हिरवं कोकण एका क्षणी असं समोर उलगडतं की गाडी बाजूला घ्यावीच लागते. पहाटे निघालात तर पुढे पाचल, ओणी करत दुपारच्या जेवणाला राजापूर. थाळी दोनशेच्या आतबाहेर, सोलकढी मागाल तितकी. आईने दोन वाट्या घेतल्या आणि मिटल्या डोळ्यांनी प्यायली. वाढणाऱ्या मुलीने विचारलं, ‘आजी इकडच्याच ना?’ आई म्हणाली, ‘नको.’ मुलगी हसली आणि तिसरी वाटी ठेवून गेली. तो मुक्काम राजापुरातच, एका साध्या लॉजवर. आईला एका दिवसात एवढाच प्रवास झेपतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी देवीहसोळचा सडा. ज्यांनी सडा पाहिलेला नाही त्यांच्यासाठी सांगते: डोंगराच्या माथ्यावर जांभ्या दगडाचं सपाट, तांबूस-काळं मैदान, त्यावर कापलेल्या गवताचे खुंट आणि वर नुसतं आभाळ. ऊन तिरपं असतानाच जा. दुपारी चित्रं डोळ्यांना दिसेनाशी होतात आणि कातळ तव्यासारखा तापतो. पाणी जवळ ठेवा, सावलीची आशा धरू नका आणि रेघांवर पाय देऊ नका.

चित्र दाखवायला गावातले निवृत्त गुरुजी आले होते. मोठा चौकोन, त्याच्या आत एकात एक गुंतलेले आकार, वळसे, रेघा. कोणीतरी इथे उकिडवं बसून दगडाने दगड कोरत गेलं, दिवसच्या दिवस. इतकं रेखीव, इतकं विचार करून केलेलं काम पाहून माझा आवाज आपोआप खाली आला. कोणी काढलं, कशासाठी काढलं, ते आज कोणालाच नक्की सांगता येत नाही. जत्रेत देवी इथवर येते, असं गुरुजी म्हणाले. अर्थ हरवलेल्या चित्राशी गावाने आपलं नातं ठेवलं आहे, हे मला फार आवडलं.

मी न राहवून विचारलं, ही चित्रलिपीच ना?

गुरुजींनी टोपी काढून घाम पुसला. ‘ताई, रागावू नका. पूर्वी मीही फळ्यावर तसंच लिहायचो. मग एका पोरीने विचारलं, गुरुजी, मग वाचून दाखवा. तेव्हापासून सोडलं.’ 

त्या वेळी वाचणारे असतीलही, मी म्हटलं.

‘असतील की. पण आज कोण आहे? चित्र काढायला एक माणूस पुरतो. लिपीला दोघं लागतात.’

आई छत्रीखाली घडीच्या खुर्चीवर बसली होती. ती वाकली, जांभ्याचा एक खडा उचलला आणि पायाजवळच्या मोकळ्या कातळावर काहीतरी काढलं. होडीसारखी कोर, तिच्यातून वर गेलेली उभी रेघ. मग माझ्याकडे बघत राहिली. मी म्हटलं, ‘छान आहे गं.’ तिने तोंड फिरवलं. रेघ पुसली, पण खडा मात्र मुठीत ठेवला.

गुरुजींचं वाक्य गाडीत माझ्या शेजारी बसून आलं म्हणा ना. लिपीला दोघं लागतात. आणि आई त्या दोघांतली एकटी.

राजापूरहून नाट्याला एसटी आहे, पण गाडी असेल तर मध्येमध्ये थांबता येतं. काजूच्या बागा, सड्यामागून सडे आणि मग अचानक खाडीचं पाणी. किल्ला आहे, जवळच आंबोळगडचा शांत किनारा आहे. ते सगळं मी दोन संध्याकाळी पाहिलं आणि तुम्हीही जरूर पाहा. पण माझं नाटे म्हणजे मामांचं अंगण.

अंगणात शिरताच आईने काठी टेकायची थांबवली. कोपऱ्यात जाळ्याचे बोये, म्हणजे जाळं पाण्यावर धरून ठेवणारे गोळे, ढीग करून ठेवले होते. प्रत्येकावर निळ्या रंगात तेच चित्र. होडीसारखी कोर, तिच्यातून वर गेलेली उभी रेघ. खाली दोन ठिपके.

‘इलंस गो आक्का?’ मामा पुढे आले. आई त्यांच्याकडे न बघता बोये बघत होती.

मग मामांनी मला समजावलं. आजोबांच्या वेळी बंदरावर वाचता येणारी माणसं थोडी. प्रत्येक घराची एक खूण असायची, ती वल्ह्यावर, बोयांवर, माशांच्या टोपल्यांवर. भाऊ वेगळे झाले की खूण तीच, थोरल्याच्या घराला खाली एक ठिपका, धाकट्याच्या घराला दोन. आता नावं लिहिता येतात सगळ्यांना. पण लाटेने रंग खाल्ला तरी खूण ओळखू येते, नाव येत नाही, म्हणून ती राहिली. मी विचारलं, मुलींचे किती ठिपके? मामी हसून म्हणाल्या, ‘मुली जातत दुसऱ्याच्या घरा. त्यांका कसला ठिपको?’

दुसऱ्या दिवशी सकाळी होडी आली. किनाऱ्यावर ज्याचा तो माल निवडायला बायका बसल्या. पांढऱ्या थर्माकोलच्या पेट्या, बर्फ, कावळे, आणि भाव करणाऱ्यांची खेचाखेची. कोणी दुसरीच्या पेटीत डोकावलं की टोमणा ठरलेला. मामींनी पाहुण्यांसाठी म्हणून एक देखणी सुरमई डोळ्यांनीच हेरून ठेवली होती. आईला मी प्लास्टिकच्या खुर्चीत बसवलं. ती बसली नाही. वाकून पेट्यांवरून फिरत गेली, एका पेटीपाशी थांबली, झाकण उचलून आत पाहिलं, मुठीतला जांभ्याचा खडा काढला आणि पांढऱ्या झाकणावर घराची खूण काढली. दोन ठिपके दिले. मग सगळ्याच्या डोक्यावर एक आडवी रेघ ओढली, छपरासारखी.

मामींनी झाकणाकडे एकदा पाहिलं, पेटी उचलली आणि विकायच्या ओळीतून काढून मागे ठेवली. कोणाला काही विचारलं नाही.

मी विचारलं, काय झालं?

‘वरती रेघ म्हणजे घरचा. विकूचा नाय,’ मामी म्हणाल्या. झाकण उघडून बघितलं आणि कपाळावर हात मारला. ‘घेवा आता. पुण्याहून इलात सुरमई खाऊक, आणि वन्संनी पेडवे राखून ठेवल्यानी.’

पेडवे म्हणजे स्वस्तातले काटेरी, बारके मासे. किनाऱ्यावरच्या सगळ्या बायका हसल्या. आईही हसली. दीड वर्षात तिने मागितलेली गोष्ट पहिल्यांदाच, पहिल्या फटक्यात, कोणी अंदाज न बांधता तिच्या पुढ्यात आली होती. दुपारी तिने पेडव्यांचं तिखलं आणि भात स्वतःच्या हाताने, काटे काढत, सावकाश खाल्ला. मी तिला भरवायला सरसावले होते, तो घास मीच खाल्ला.

पुढचे दिवस मी बघत राहिले. माठावर खूण, माठ सावलीत सरकला. कोकमांच्या परडीवर रेघ, परडी आत गेली. सकाळी मी कार्डांची पिशवी उघडलीच नाही. मामी तिच्याशी सारख्या बोलत, भांडतही, आणि उत्तर आलं नाही तरी त्यांचं काही अडत नसे.

निघायच्या आदल्या दुपारी मामांनी विषय काढला. आक्काला उन्हाळ्यापर्यंत तरी इथे राहू दे. औषधं राजापुरात मिळतात, डॉक्टर आहेत, मामी आहे. मी म्हटलं, तिलाच विचारू. म्हटलं खरं, पण त्यात माझी एक चलाखी होती. तिच्या उत्तरावर कोणाला विसंबता येणार नाही, हे मला ठाऊक होतं.

‘आक्का, ऱ्हवतंस गो हय?’ मामांनी विचारलं.

‘नको,’ आई म्हणाली. मग मान हलवली. ‘हो.’ मग पुन्हा ‘नको’. तिचे ओठ थरथरायला लागले. मी म्हटलं, राहू दे, नको तिला त्रास. आणि आत जाऊन तिची बॅग भरली.

सकाळी गाडीत सामान ठेवताना आईची बॅग ओसरीवर होती, मी ठेवली होती तिथेच. राखाडी कापडावर लाल रेघा उमटल्या होत्या. कोर, उभी रेघ. खाली ठिपके नव्हते, त्या जागी एक लहानसं पोकळ वर्तुळ. आणि वर, ठसठशीत, छपरासारखी आडवी रेघ.

मामी वाकून बघत राहिल्या. ‘ठिपको नाय तो,’ त्या हळूच म्हणाल्या. ‘पोकळ काढल्यानी. अशी खूण आमच्यात नाय कोणाची.’ मग बॅग उचलून त्या घरात निघाल्या. ‘वन्सं ऱ्हवतत.’

आई दारात उभी होती. मी विचारलं नाही. तिच्या तांबूस झालेल्या बोटांना हात लावला आणि पाया पडले. तिने माझ्या गालावर बोटं टेकवली. गाल लाल झाला असणार, मी तो घाटापर्यंत पुसला नाही.

परतीचा रस्ता तोच, पण एकटीने लांब वाटला. वळणांवरच्या पाट्या बघत आले: वाकडा बाण, उतार, हॉर्न वाजवा. सगळं वाचता येत होतं.

घरी येऊन आठवडा झाला. शब्दकोशातली नोंद पूर्ण केली आहे: ‘चित्रलिपी: ज्या लिहिण्यात अक्षरांऐवजी चित्रं किंवा खुणा वापरतात आणि ज्यांच्यासाठी लिहिलं त्यांना ती वाचता येतात.’ शेवटचं अर्धं वाक्य गुरुजींचं आणि मामींचं आहे. संपादकांना ते लांब वाटतं. मी ते काढणार नाही.

तुम्ही कातळशिल्पं बघायला जाल तेव्हा घाई करू नका. काढणाऱ्याच्या हाताकडे बघा, आणि कधीतरी कोणीतरी ते बघताच पेटी उचलून आत ठेवली असेल, याचाही विचार करा. तिथून समुद्र जवळ आहे. तिकडेही जा.

काल मामींनी दिलेलं सामान शेवटी काढलं. तळाशी सोड्यांची, म्हणजे सुक्या कोळंबीची, कापडी पिशवी होती, तोंड सुतळीने बांधलेलं. उलटी केली तर मागे लाल खूण. कोर, उभी रेघ, खाली पोकळ वर्तुळ, आणि त्याला चिकटून आणखी एक, त्याहून लहान. दोघांच्याही वर एकच आडवी रेघ.

फोन हातात होता. मामींना विचारायची गरज पडली नाही.