मी रंगवलेलं तिसऱ्या खोलीचं दार

माझ्या अभिनयाच्या कारकिर्दीत मी आत्तापर्यंत चार वेळा मेलो आहे. मुळात मी कलादिग्दर्शक. म्हणजे पडद्यावर दिसणारी घरं, भिंती, अंगणं उभी करणारा माणूस. पण प्रेताच्या कामाचा नट ऐनवेळी आला नाही, की दिग्दर्शक माझ्याकडं बघतो. (काही न करता पडून राहण्यात माझा हात कोण धरणार नाही, असं बायको चारचौघांत सांगते.)

तर माझी धाकटी बहीण सुजाता. राजारामपुरीत एका लॅबमध्ये कामाला. तिथलाच महेश तिला पसंत, त्याला ती पसंत. राहिला होता तो त्याच्या वडिलांचा होकार. ते रविवारी घर बघायला येणार, आणि आमच्या खोल्या मोजून दोन! तेवढ्यावरून त्यांनी नाक मुरडलं तर?

"दादा, हाय तसं राहू दे की," सुजाता म्हणाली.

"तुला यातलं काय कळतंय? गप बस तू."

शनिवारी सकाळीच मी जुन्या सेटवरची प्लायवूडची भिंत टेम्पोत घालून आणली, हॉलच्या कोपऱ्यात उभी केली आणि तिच्यावर दार रंगवलं. कडी मात्र खरी बसवली. वर तोरण, खाली पायपुसणं. बघणाऱ्याला वाटावं, पलीकडं निदान दोन खोल्या आहेत. (पलीकडं शेजाऱ्यांचा जिना होता.) आईनं बाहेरून आल्या आल्या दाराची कडी सरकवून बघितली. मी खूश झालो.

रविवारी पाहुणे आले, चहा झाला. महेशचे वडील सारखे त्या दाराकडंच बघत होते.

"पावणं, तिकडं काय हाय?"

"दोन खोल्या हायत. सध्या रंगकाम चाललंय."

"बघू की मग," म्हणत ते उठलेच.

मी आडवा गेलो, रंग ओला आहे म्हणालो, चिवड्याची बशी पुढं केली. कशाचा उपयोग नाही. त्यांनी कडी धरून ओढली. भिंत हलली, मी त्यांना बाजूला ढकललं, आणि तोरणासकट सगळं माझ्या अंगावर आलं. मी डोळे मिटून पडून राहिलो. (सवय!)

"उठा, पावणं. पोट हालतंय तुमचं."

उठलो आणि हात जोडले. लाजेनं तोंड वर करवेना. "चूक माझी हाय. सुजाताचा यात काय दोष न्हाय. तिला नाही म्हणू नका."

"तिला कशाला नाही म्हणू? तिनं कालच फोन करून सगळं सांगितलंय. खोल्या दोनच हायत, दादानं तिसरीचं दार रंगवलंय, कुणी हसू नका म्हणून. व्हकार बी कालच दिलाय. आज फकस्त दार बघाय आलोय."

मी आईकडं बघितलं, ती पदर तोंडाला लावून बसलेली. बायको खिडकीबाहेर बघत होती. म्हणजे तासभर त्या हॉलमध्ये सगळ्यांनीच झकास अभिनय केला होता. आणि जे काय चाललंय ते खरं समजून बसलेला एकटा मीच, घरातला नट.