भाऊजींचं आरमार

बोटीत पाय न ठेवता आरमार चालवणारी दोनच माणसं या जगात झाली. एक चारशे वर्षांपूर्वी इंग्लंडच्या राणीच्या दरबारात होऊन गेला आणि दुसरे विरार पश्चिमेला दुसऱ्या मजल्यावर राहतात. हे दुसरे म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, आमचे भाऊजी. गोदीच्या भांडार विभागात त्यांनी उभा जन्म काढला. दोरखंड, रंग, खिळे, सगळं त्यांच्या सहीने बोटींवर चढलं. ते स्वतः तेवढे चढले नाहीत. निवृत्तीच्या सुमारास रद्दीच्या दुकानात त्यांना त्या दरबाऱ्याचं चरित्र सापडलं आणि आमच्या घरात एक माणूस वाढला. भाऊजी त्याला ‘साहेब’ म्हणतात आणि तो शेजारच्या टेबलावर बसत असल्यासारखं वर्तमानकाळात बोलतात. “साहेब कविता करतात, पण पाण्याची पिंपं गळकी आली तर कंत्राटदाराची गय करत नाहीत,” हे ते नारळ सोलतानाही सांगतात.

साहेबांची शिस्त घरात पूर्ण लागू आहे. गलबतावर आधी पाणी चढतं, मग माणसं. म्हणून मुलीच्या लग्नात पिण्याचं पाणी जागेवर आल्याशिवाय त्यांनी वऱ्हाडाला हॉलमध्ये घेतलं नाही. नवरदेव दारात घाम पुसत उभा होता. स्कूटरच्या डिकीत बारमाही जाड दोर असतो. आम्ही त्याला पोटभर हसलो. मग एकदा निर्मळच्या जत्रेला जाताना केळ्यांचा टेम्पो चिखलात रुतला आणि त्याच दोराने निघाला. तेव्हापासून हसणं बंद आहे. मलाही कामं आखून करायची सवय असल्यामुळे आमचं बरं जमतं. ताई म्हणते, एक वेडा पुरे होता.

साहेबांच्या चरित्रात भाऊजींना एकच प्रसंग बोचतो. साहेबांना स्वतः मोहिमेवर जायचं होतं, पण राणीने त्यांना दोनदा बंदरावरून परत बोलावलं. हे सांगताना भाऊजी स्वयंपाकघराकडे बघतात. कारण ताईनेही त्यांना दोनदा अडवलं आहे. पहिल्यांदा, “तुम्हांला झोपाळ्यावर मळमळतं,” म्हणून. दुसऱ्यांदा, अँजिओप्लास्टीनंतर ते कोणाला न सांगता बोटीसाठी अर्नाळ्याच्या किनाऱ्यापर्यंत पोचले होते, तेव्हा ती मागून रिक्षाने गेली आणि त्यांना घेऊन आली. ते निमूट आले. हुकूम म्हणजे हुकूम.

पंचाहत्तरीला मुलीने हॉल सुचवला. भाऊजींनी नकारार्थी मान हलवली. “मला बोटीतून जायचंय. अर्नाळ्याच्या किल्ल्यापर्यंत.” खरं तर किल्ल्याच्या बेटावरच्या बायका बाजाराच्या पिशव्या घेऊन रोज करतात तेवढाच हा प्रवास. पण आरमारासाठी तोही चालणार होता. ताई डॉक्टरांना विचारून आली आणि म्हणाली, “मी बरोबर असेन, तरच.” त्या संध्याकाळी भाऊजींनी दोनदा चहा मागितला.

बाकी व्यवस्था माझ्याकडे होती, पण बोटीकडे त्यांनी मला फिरकू दिलं नाही. आधी जाऊन बोटवाल्याशी बोलून माणसं किती घ्यायची ते ठरवलं. ठरलेल्या आकड्यावर एकही माणूस जास्त नाही, हे आम्हां प्रत्येकाकडून कबूल करून घेतलं.

त्या दिवशी बोटवाल्याने आधीच बजावलं, ओहोटी लागतेय, एकच फेरी होईल, परत यायचं ते संध्याकाळी पाणी चढल्यावर. आम्ही चपला हातात घेऊन बोटीत चढलो. भाऊजींची पिशवीही चढली. ते शेवटी चढणार होते. तेवढ्यात वाळूवर एक गाडी थांबली आणि जूचंद्रहून ताईच्या विहीणबाई उतरल्या. गुडघ्यांमुळे येणार नाही म्हणाल्या होत्या. व्याह्यांची पंचाहत्तरी म्हटल्यावर राहवलं नाही. जावयाने आईला धरून आणलं, सगळे सरकले, त्या बसल्या. भाऊजींनी बोटीवरून एकदा नजर फिरवली आणि पाण्यातच थांबले.

“काका, चढा ना,” बोटवाला म्हणाला. “एका मानसानं काय व्हतंय?”

“ठरलंय ते ठरलंय,” भाऊजी म्हणाले.

आता विहीणबाईंना उतरा कोण म्हणणार? जावई उठला, तर भाऊजींनी आईला उतरताना कोण धरेल म्हणून त्याला बसवलं. मी उठले, तर जेवणाचं कोण बघेल म्हणून मलाही. मग ताई उभी राहिली.

“मी उतरते.”

“आणि विहीणबाई एकट्या?”

“अहो, वाढदिवस तुमचा आहे.”

“म्हणूनच तर कोणाला काही होता कामा नये.” मग बोटवाल्याला म्हणाले, “सोडा.”

इंजिन सुरू झालं. विहीणबाई समुद्राचं कौतुक करत होत्या आणि ताई हो हो म्हणत होती, पण सगळी वाट ती किनाऱ्याकडे तोंड करून बसली. गुडघ्यापर्यंत दुमडलेली पँट, मागे बांधलेले हात. भाऊजी लहान लहान होत गेले.

“पाण्यातच उभे आहेत अजून,” बेटावर उतरल्यावर ताई म्हणाली. “वर व्हा म्हणावं त्यांना.”

मी फोन लावला. तो तिच्या पायाशी, त्यांच्या पिशवीत वाजला.